खेकड्याचे कटलेट घाट चढून आले

पुण्याच्या खाण्याविषयी लिहिताना मिसळ, बाकरवडी, मस्तानी आणि पंगतीतली अळूची भाजी यांच्यापलीकडे सहसा कुणी जात नाही. खेकड्याचे नाव तर निघतच नाही. तरीही रविवारी सकाळी गणेश पेठेतल्या मासळी बाजारात किंवा कॅम्पातल्या शिवाजी मार्केटात खेकड्यांच्या टोपल्यांभोवती गर्दी असते. त्यातले बहुतेक खेकडे कालवणात जातात, पण काही उकडून, सोलून, बटाट्यात मळून आणि रव्यात घोळवून तव्यावर परतले जातात. या कटलेटाच्या जन्माविषयी दोन समजुती रूढ आहेत. एक म्हणते की ही साहेबाची देणगी, लष्करी छावणीतल्या खानसाम्याच्या हातून गावात आलेली. दुसरी म्हणते की हे कोकणचे घराणे, कुर्ल्या-चिंबोऱ्या खाणारी माणसे नोकरीनिमित्त वर आली आणि आपली चव घेऊन आली. दोन्हींत तथ्य आहे, पण कारण म्हणून दोन्ही अपुऱ्या पडतात. पुण्याच्या घरातले खेकड्याचे कटलेट कुण्या एका जातीने वा साहेबाने दिलेले नाही. ते बोरघाटातून आलेल्या रस्त्याने, रेल्वेने आणि बर्फाने दिले. पुण्याच्या मातीतल्या खेकड्याने या शहराला दिला तो रस्सा, आणि ती परंपरा पूर्णपणे वेगळी आहे.

हे पटण्यासाठी आधी पदार्थाची घडण पाहावी. समुद्राचा खेकडा मिठाच्या पाण्यात दहा-पंधरा मिनिटे उकडतात, निवल्यावर पाठीचे कवच उचकटून काढतात, दोन्ही बाजूंचे मऊ, झालरीसारखे कल्ले फेकून देतात, आणि नांग्या फोडून, अंगातले पडदे उकलून गर सोडवतात. या कामात खरा वेळ जातो. भरलेल्या चिंबोरीतून वजनाच्या जेमतेम पाव ते तिसरा हिस्सा गर हाती लागतो, आणि त्यात कवचाची एखादी कपची राहिली तर घास बिघडतो. हा गर स्वतःहून एकत्र राहत नाही, म्हणून उकडलेला बटाटा किंवा भिजवून पिळलेला पाव लागतो. मग आले-लसूण, हिरवी मिरची, कोथिंबीर, लिंबू, कुणाकडे फेटलेले अंडे. चपट्या वड्या थापायच्या, रव्यात किंवा पावाच्या चुऱ्यात घोळवायच्या, थोडा वेळ थंड जागी ठेवायच्या आणि तव्यावर बेताच्या तेलात दोन्ही अंगांनी खरपूस करायच्या. म्हणजे पदार्थाला चार गोष्टी हव्यात: गर निघण्याइतका मोठा खेकडा, सोलून संपवायला परवडेल असा त्याचा भाव, बांधणारा बटाटा किंवा पाव, आणि वरचा कोरडा थर. या चारही गोष्टी पुण्यात एकाच स्वयंपाकघरात केव्हा येऊ शकल्या, हाच इतिहासाचा प्रश्न आहे.

खेकडा स्वतः पुण्याला परका नव्हता. १८२५ च्या पावसाळ्यात कलकत्त्याचे बिशप रेजिनाल्ड हेबर मुंबईहून पनवेल-खंडाळ्यामार्गे पुण्यास आले. छावणीतल्या सेंट मेरी चर्चचा पावनविधी त्यांच्याच हातून झाला. त्यांच्या प्रवासवृत्तात दख्खनच्या गवताळ जमिनीत बिळे करून राहणाऱ्या छोट्या खेकड्यांचे वर्णन आहे. आपल्या अंगाएवढा गवताचा भारा घेऊन ते वेगाने पळतात, असे निरीक्षण त्यांनी टिपले. त्याच सुमारास, १८२४ पासून, कर्नल विल्यम हेन्री साइक्स मुंबई सरकारचे सांख्यिकी अधिकारी म्हणून दख्खनभर हिंडत होते. दख्खनचे पक्षी आणि मासे यांवरच्या त्यांच्या कामाची नोंद सगळे घेतात, पण दख्खनच्या जमिनीवरच्या खेकड्यांवरही त्यांनी लिहिले. १८३६ मध्ये लंडनच्या एंटमॉलॉजिकल सोसायटीच्या नियतकालिकात ते लेखन छापले गेले आणि त्यातच वेस्टवूड या शास्त्रज्ञाने या खेकड्याला ‘क्युनिक्युलॅरिस’ हे शास्त्रीय नाव दिले. आज बॅरिटेल्फुसा क्युनिक्युलॅरिस म्हणून ओळखला जाणारा हा खेकडा मावळ, मुळशी, भोर, वेल्ह्याच्या ओढ्यांत, भातखाचरांच्या बांधांत आणि नदीकाठच्या दगडांखाली राहतो. म्हणजे पुणे परिसरातल्या खेकड्याला शास्त्राच्या पोथीत जागा मिळाली तेव्हा बोरघाटात रेल्वेचा रूळही पडला नव्हता.

मावळात हा खेकडा पहिल्या पावसाबरोबर वर येतो. ओढ्यांना पाणी सुटले की रात्री टेंभे, पुढे गॅसबत्त्या आणि आता बॅटऱ्या घेऊन माणसे खेकडे धरायला जातात. कातकरी, ठाकर, महादेव कोळी आणि गावकरी कुणबी-मराठा या सगळ्यांना बिळात हात कसा घालायचा आणि नांगी कशी चुकवायची हे ठाऊक असते. दोरीत ओवलेल्या खेकड्यांच्या माळा आजही पावसाळ्यात लोणावळ्याच्या जुन्या रस्त्यावर आणि ताम्हिणीच्या वाटेवर विकायला दिसतात. पण याच्या स्वयंपाकाची रीत पाहा. अंगात गर थोडा, कवच जाड, पाय काटक्यांसारखे. म्हणून मोठ्या नांग्या आख्ख्या ठेवून बारीक पाय पाट्यावर वाटायचे किंवा कुटायचे, पाण्यात कालवून ते पाणी फडक्यातून गाळायचे, आणि भाजलेल्या खोबऱ्या-कांद्याच्या वाटणात त्याचा रस्सा करायचा. दाटपणासाठी बेसन किंवा तांदळाचे पीठ लावायचे. सर्दी-पडशाला हा कढत रस्सा उतारा मानतात. या पद्धतीत बुद्धी आहे. जो प्राणी खायला थोडा देतो त्याचा अर्क पाण्यात उतरवला की चार भाकरींचे कोरड्यास होते. त्याचाच गर सोलून कटलेट करायला बसले तर टोपलीभर खेकडे संपवून बशीभर वड्या हाती लागतील, आणि ज्या घरात पहाटे आवणीला जायचे आहे तिथे एवढा वेळ कुणाला? मावळात तव्यावरची वडी निपजली नाही ती कल्पकता कमी पडली म्हणून नाही. त्या खेकड्याचे उत्तम रूप रस्साच होते आणि ते मावळच्या बायकांनी केव्हाच शोधून काढले होते.

इथे एक आक्षेप रास्तपणे येतो. खेकडे खाणाऱ्या माणसांनी पाककृती लिहून ठेवल्या नाहीत, तर त्यांनी वड्या केल्याच नाहीत हे कशावरून? आपली छापील पाकपुस्तके लिहिली ती शहरातल्या, साक्षर, बहुधा उच्च मानलेल्या जातींतल्या माणसांनी. लक्ष्मीबाई धुरंधरांचे ‘गृहिणीमित्र अथवा एक हजार पाकक्रिया’ हे १९१० च्या सुमाराचे पुस्तक सामिष पदार्थांना मोकळ्या मनाने जागा देते, पण तेही मुंबईच्या पाठारे प्रभू घराच्या ओट्यावरून लिहिलेले आहे. मावळातली कातकरी बाई त्यात नाही. कागदावर नाही म्हणजे घडलेच नाही, असा निष्कर्ष इतिहासात घातक ठरतो, हे मान्य केलेच पाहिजे. म्हणूनच इथे कागदापेक्षा वस्तूवर भिस्त ठेवावी. खेकड्याचे आकारमान, गराचे प्रमाण, पाटा-वरवंट्याचा वापर, इंधनाची आणि तेलाची चणचण ही साक्ष कुणी लिहिलेली नसली तरी खोटी नाही. ज्या स्वयंपाकात तेल मोजून घालतात तिथे रस्सा टिकतो आणि तळण सणावारी होते. शिवाय आजही मावळातल्या घरांत नदीच्या खेकड्याचा रस्साच होतो. एखादी जुनी वडी असती तर तिचे काही अवशेष, नाव, सणाची वेळ, म्हणीतला उल्लेख, कुठेतरी उरले असते.

आता समुद्राच्या खेकड्याकडे येऊ. घाटावर मासळी जुन्या काळापासून येत होती, पण ती सुकी. बोंबील, सुकट, जवळा, खारे बांगडे हे मिठाबरोबर बैलांच्या पाठीवरून घाट चढत आणि मावळच्या आठवडी बाजारांत विकले जात. खेकडा या व्यापारात बसत नाही. तो सुकवून बोंबलासारखा टिकवता येत नाही, आणि मेल्यावर त्याच्या अंगातले पाचकरस गराला इतक्या लवकर पाणचट करतात की काही तासांत तो खाण्याजोगा राहत नाही. म्हणजे खेकडा यायचा तर एक तर जिवंत, नाही तर बर्फात. यावर कुणी म्हणेल की खाडीतली चिंबोरी तर ओलाव्यात, सावलीत, नांग्या सुंभाने बांधून ठेवली की कित्येक दिवस जगते. मग ती पनवेलहून डोक्यावर घाट चढून आलीच असेल, रेल्वेची वाट कशाला? आक्षेप बिनतोड वाटतो. काही चिंबोऱ्या तशा आल्याही असतील, विशेषतः १८३० मध्ये गव्हर्नर जॉन माल्कम यांच्या कारकिर्दीत बोरघाटातून गाडीरस्ता खुला झाल्यावर. पण अशी आलेली चिंबोरी महागच पडणार. महाग, लाखेने भरलेली, जिवंत चिंबोरी कुणी सोलून बटाट्यात मळत नाही. ती आख्खी कालवणात जाते, कारण खाणाऱ्याला तिची नांगी ताटात दिसायला हवी असते. कटलेट ही खरे तर काटकसरीची कृती आहे. नांगी तुटलेले, छोटे, बर्फात मेलेले, आख्खे मांडायला न शोभणारे खेकडे जिथे स्वस्तात मिळतात तिथे गर सोलण्याला अर्थ येतो. उघड्या समुद्रात जाळ्यात सापडणारे, पातळ कवचाचे, वल्ह्यासारख्या पायांनी पोहणारे खेकडे नेमके या जातीचे. पाण्याबाहेर ते फार काळ जगत नाहीत, म्हणून बर्फाशिवाय घाट चढूच शकत नाहीत.

खंडाळा ते पुणे हा लोहमार्ग १८५८ मध्ये सुरू झाला आणि बोरघाटाची चढण १८६३ च्या एप्रिलात पुरी झाली. त्या दिवसापासून मुंबईचा किनारा पुण्यापासून काही तासांवर आला. त्याआधी पनवेलपर्यंत होडी आणि पुढे घाटाची वाट अशी मजल होती. १८८० च्या दशकात शहराने आणि छावणीने आपापल्या मोठ्या मंडया बांधल्या. शहरात रे मार्केट, म्हणजे आजची महात्मा फुले मंडई, १८८६ मध्ये उघडली, आणि छावणीत कॅनॉट मार्केट उभे राहिले, ज्याला आपण शिवाजी मार्केट म्हणतो. छावणीच्या बाजारात मांस आणि मासळीला स्वतंत्र जागा मिळाली. रेल्वे, बर्फ आणि पक्क्या छपराचा मासळी बाजार या तिन्ही गोष्टी जुळल्याशिवाय घाटावरच्या शहरात गर सोलण्याइतका खेकडा स्वस्त होणे शक्य नव्हते. अमेरिकेत चेसापीक उपसागराच्या काठी हेच उलट दिशेने घडले. तिथे खेकडा दारातच होता, म्हणून मच्छीमार घरांत गराच्या वड्या होत, पण बाल्टिमोरचे नाव लागून ‘क्रॅब केक’ देशभर गेला तो सोललेला गर डब्यांत आणि बर्फात भरून गाडीने पाठवता येऊ लागल्यावर. तिथे खेकड्याच्या गावाने गाडीला माल दिला. इथे गाडीने खेकडा नसलेल्या गावाला माल दिला.

मग छावणीचा वाटा कोणता? तो लहान मानू नये. १८१७ च्या खडकीच्या लढाईनंतर पुण्याशेजारी इंग्रजी लष्कर कायमचे राहिले आणि त्याबरोबर पाव भाजणाऱ्या भट्ट्या, गोव्याचे आणि मुसलमान स्वयंपाकी, पारशी दुकानदार आले. मांस किंवा मासे खिमून, अंड्यात बुडवून, पावाच्या चुऱ्यात घोळवून तळायची रीत अँग्लो-इंडियन स्वयंपाकात रोजची होती. पण गोव्याची माणसे पुण्यात छावणीच्याही आधी पोचली होती. सवाई माधवराव पेशव्यांच्या काळात, १७९२ मध्ये, पेशव्यांच्या चाकरीतल्या गोमंतकीय ख्रिस्ती शिपाई-अंमलदारांसाठी दिलेल्या जमिनीवर पुण्यातले पहिले कॅथलिक देवालय उभे राहिले. क्वार्टर गेटजवळचे ते ‘सिटी चर्च’ आजही तिथे आहे. गोव्याच्या ख्रिस्ती स्वयंपाकात खेकड्याचा गर मसाल्यात परतून पुन्हा कवचात भरण्याची पद्धत आहे, म्हणजे गर सोलण्याचे कसब या माणसांकडे होते. मग कटलेट १७९२ पासूनच का धरू नये? कारण कसब होते, तरी माल नव्हता. घाटमाथ्यावर बसून समुद्राचा गर सोलायचा तर आधी समुद्र जवळ यावा लागतो.

पावाच्या बाबतीत पुण्याच्या पेठांनी जो अडसर घातला तो समजून घेण्यासारखा आहे. १८९० च्या ऑक्टोबरात पंचहौद मिशनमध्ये शहरातल्या नामवंतांना व्याख्यानाला बोलावून चहा-बिस्किटे पुढे ठेवली गेली. ‘पुणे वैभव’ पत्रात त्यांची नावे छापून आली आणि न्यायमूर्ती रानडे, टिळक यांच्यासह अनेकांवर ग्रामण्य, म्हणजे जातीचा बहिष्कार, आले. चहाचा घोट आणि बिस्किटाचा तुकडा जिथे प्रायश्चित्तापर्यंत नेतो, तिथे परक्या भट्टीतल्या पावाचा चुरा सोवळ्याच्या घरात शिरणे अवघडच होते. अर्थात ज्यांच्यावर ग्रामण्य आले ती घरे खेकडा खाणारी नव्हती, असे म्हणता येईल, आणि ते बरोबर आहे. पण पावाविषयीचा संकोच ब्राह्मणांपुरता नव्हता. मराठा, माळी, साळी, कायस्थ प्रभू अशा सामिष घरांतही बाहेरचा पाव रोजचा व्हायला बराच काळ गेला. म्हणून पुण्याच्या घरगुती कटलेटात आतला बांध बहुधा बटाट्याचा आणि बाहेरचा थर रव्याचा राहिला, आणि छावणीच्या बाजूला पाव व चुरा. बटाटा इंग्रजी अमलात पुणे जिल्ह्यात पक्का रुजला. खेड, जुन्नर, आंबेगाव हा त्याचा मुलूख, आणि सातगाव पठारावर आजही पावसाळी बटाटा पिकतो. खेकड्याचा गर समुद्राचा, पण त्याला धरून ठेवणारा बटाटा भीमेच्या खोऱ्यातला. पुण्याचा म्हणावा असा या कटलेटातला खरा अंश मला हाच वाटतो.

शेवटचा आक्षेप सर्वांत वजनदार आहे. वडी थापून तव्यावर परतणे हे आपल्याकडे नवे कधी होते? कोथिंबिरीची वडी आहे, शामी कबाब आहे, डाळ-पिठाने बांधून तेलात खरपूस करण्याची कला साहेबाच्या आधीची आहे. मग कटलेटाला रेल्वेचे अपत्य का म्हणावे? याचे उत्तर असे की कला जुनी होती, म्हणूनच माल हाती येताच पदार्थ घराघरांत इतक्या सहज बसला. नवा प्रकार शिकावा लागला नाही, ओळखीच्या वडीत नवा गर भरला गेला. छावणीने थराची कल्पना दिली, कोकण्यांनी आणि गोवेकरांनी सोलण्याचे कसब, पेठांनी रवा, खेड-जुन्नरने बटाटा. पण या चौघांना एका तव्यावर बसवले ते वाहतुकीने, आणि त्यातली एखादी बाजू कमी असती तरी दुसरीने भागले असते. वाहतूक कमी असती तर भागले नसते. कारण आणि साहित्य यांतला हा भेद पाळला नाही की खाद्येतिहास जातींच्या श्रेयवादात अडकतो, आणि आपल्याकडे तो फार वेळा अडकला आहे.

आज दोन्ही खेकड्यांचे दिवस बदलले आहेत. मोठी चिंबोरी परदेशी जाऊ लागल्याने महागली, आणि २०१२ मध्ये स्थापन झालेल्या राज्याच्या कांदळवन कक्षाने खाड्यांत तिच्या संगोपनाला हात घातला. समुद्राच्या खेकड्याची मादी लाखांनी अंडी सोडते, त्यामुळे जपणूक झाली तर तो सावरू शकतो. नदीच्या खेकड्याचे तसे नाही. त्याच्या अंड्यांतून थेट चिमुकले खेकडेच बाहेर येतात, संख्येने थोडे, आणि आई त्यांना काही काळ पोटाखाली घेऊन हिंडते. नेमक्या त्याच पावसाळ्यात आपण त्यांना धरतो. त्यात मुळा-मुठेचे शहरातले पात्र सांडपाण्याने मेले आहे आणि मावळ-मुळशीचे ओढे बंगल्यांच्या भरावाखाली जात आहेत. कटलेटाला याची झळ लागणार नाही, गणेश पेठेत ट्रक येतच राहतील. झळ लागेल ती रश्श्याला, म्हणजे या मातीचा जो अस्सल खेकड्याचा पदार्थ आहे त्याला. तेव्हा ज्यांच्या घरी मावळातल्या आज्या, आत्या, मावश्या अजून पाट्यावर खेकड्याचे पाय वाटतात त्यांनी ती कृती गावाच्या, ओढ्याच्या आणि महिन्याच्या नावासकट लिहून ठेवावी, आणि पोटाखाली पिल्ले असलेली मादी हाती लागली तर ती पाण्यात परत सोडावी.